कोऱ्या पानावरची सही

आईच्या कपाटात लेकींवरच्या कथांचं पुस्तक सापडलं. पहिल्या पानावर आजोबांचं अक्षर: "लाडक्या कुसुमला, लग्नाच्या दिवशी." शेवटच्या कोऱ्या पानावर आईचं: वसुधा, वसुधा, वसुधा. मध्येच 'कुसु' लिहून खोडलेलं.

"नव्या सहीचं वळण पडायला नको का हाताला?" आई म्हणाली.

लग्नाच्याच दिवशी बाबांनी ताटातल्या तांदळात अंगठीनं तिचं नवं नाव लिहिलं, तेव्हा आजोबा शेजारीच होते. छान आहे म्हणाले म्हणे. लेकींच्या कथा वाचून डोळे पुसणारी ही माणसं. ते तांदूळ विस्कटायला एकाचाही हात उठला नाही.

संतापून मी पेन पुढे केलं. "जुनी सही कर."

आईनं पेन घेतलं. टोक पानावर टेकवलं.

"कशी करायचे गं मी?"