लाल शाओशान

प्रेमराजला रेल्वेचं इंजिन चालवायचं होतं. लेखी परीक्षेत तो पासही झाला होता. मग डोळे तपासताना डॉक्टरांनी रंगीत ठिपक्यांचं पान पुढे धरलं आणि त्यातला आकडा विचारला. प्रेमराजला आकडा दिसेना, नुसते ठिपके दिसले. लाल आणि हिरवा त्याच्या डोळ्यांना एकच. ज्याला सिग्नल ओळखता येत नाही त्याच्या हाती गाडी देऊ नये, हे त्यालाही पटतं. पण पटलं म्हणून राग गेला, असं थोडंच आहे?

आता तो एरंडोलला जळालेल्या पाण्याच्या मोटारींत नवी तार भरून देतो आणि घरी लाकडाची इंजिनं बनवतो. तीही चीनची! भुसावळचं इंजिन दिसलं की तो तोंड फिरवतो. चीनच्या इंजिनावरून त्याला कुणी परत पाठवलेलं नव्हतं, म्हणून ते बरं. गावाने नावं ठेवायची ती ठेवलीच. ठेवोत बापडे.

त्याचा जीव जडला होता शाओशान नावाच्या, विजेवरच्या इंजिनांच्या घराण्यावर. चिन्यांनी रशियाचा नमुना समोर ठेवून पहिलं इंजिन उभं केलं, तेव्हा वीज बदलणाऱ्या पाऱ्याच्या नळ्या सारख्या दगा देत. मग सिलिकॉन आलं, इंजिन सुधारलं, त्याला शाओशान एक म्हटलं. शाओशान दोन मात्र एकच बनलं. त्याच्यावर नाना प्रयोग झाले, आणि त्यातून शिकून तिसरं आलं ते शेकड्यांनी धावलं. चौथं तर दोन इंजिनं पाठीला पाठ जोडलेलं, कोळशाच्या गाड्या ओढणारं. दीपनगरच्या वीजकेंद्राला कोळसा जाताना पाहिलेल्याला याचं मोल सांगायला नको.

हे सगळं तो जेवताना बायकोला, नूतनला सांगायचा. एकदा त्याच्या वडिलांनी, पुनाआबांनी, भाकरी मोडता मोडता विचारलं, "मंग ते दुसरं वायाच गयं ना?"

आबा इंजिनाबद्दल नव्हे, पोराबद्दल बोलत होते, ते तिघांनाही कळलं होतं.

"वाया नही गयं, आबा. त्यानाकडथून शिकीसनच तिसरं बनं."

त्याच रात्री त्याने ठरवलं, धुळ्याच्या प्रदर्शनात चारही इंजिनं न्यायची आणि शाओशान दोन सगळ्यांत देखणं करायचं. प्रदर्शन देवपूरला व्यापाऱ्यांच्या मंडळाचं, छंद असणाऱ्यांसाठी होतं. चारही इंजिनांना हिरवा रंग द्यायचा होता, नुसत्या चाकांना लाल. नूतनने रंगाच्या डब्यांच्या झाकणांना दोरे बांधले होते, हिरव्याला एक गाठ, लालला दोन. तीन इंजिनं तिच्या देखत रंगली, शाओशान दोन तेवढं राहिलं. मग ती आखाजीला, अक्षय्य तृतीयेच्या सणाला, माहेरी गेली. प्रेमराजने दोन्ही डबे ढवळायला उघडले आणि झाकणं उलटसुलट बसवली. पुढचं काय सांगायचं!

प्रदर्शनाच्या सकाळी नूतन परतली आणि दारातच थबकली.

"अवं, हाई ते लाल शे!"

आबा हसले. "र्‍हाऊ दे ते घरमाच. लोके हासतीन."

इतकी वर्षं प्रेमराजने डोळ्यांची ही गोष्ट गावापासून लपवली होती, रंगाचा विषय निघाला की उठून जायचा. आता पुरे. त्याने लाल इंजिन सगळ्यांत आधी धोतराच्या फडक्यात गुंडाळलं. नूतनने फडक्याचं दुसरं टोक धरलं.

देवपूरला मंडळाच्या अर्पितने टेबल दाखवलं. पोरगा भला, मंडळातल्या लखीचंद शेठजींचा नातू. चारही इंजिनं पाहून तो हळूच म्हणाला, "प्रेमराजभाऊ, हे लालवालं मागे ठेवूया का? उगाच कुणी काही बोलायला नको."

"पुढेच राहील."

बोलणारा आलाच. छातीवर मंडळाचा बिल्ला लावलेले एक गृहस्थ इंजिनावर बोट नाचवत मोठ्याने म्हणाले, "अहो, तीन हिरवी आणि एक लाल? एवढी मेहनत केलीत आणि रंगात माती खाल्लीत!"

दोघं-चौघं हसले. सोबत आलेल्या, दाराशी उभ्या आबांनी मान खाली घातली. नूतनने मात्र नवऱ्याकडे पाहिलं, आणि ती जागची हलली नाही.

"लाल-हिरवं मला कळत नाही," प्रेमराज सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "जन्मापासून कळत नाही. त्यापायीच माझं इंजिन गेलं."

हसणं थांबलं. गृहस्थांनी बोट मागे घेतलं आणि पाटीवरचं नाव वाचलं. "तसं नव्हे हो, मी आपलं एवढंच म्हणत होतो, खरं शाओशान दोन असं नव्हतं."

"खरं एकच होतं," प्रेमराज म्हणाला आणि त्याने लाल इंजिन टेबलाच्या अगदी कडेपर्यंत पुढे सरकवलं. "हे दुसरं."