कोकिळावहिनीचा दुसरा टेक

उंद्रीचा प्रज्वल चिखलीत लग्नांचं शूटिंग करता करता मुंबईला गेला आणि टीव्ही मालिकांचा कॅमेरामन झाला. सासूच्या डोळ्यांतला राग, सुनेच्या गालावरचं पाणी टिपण्यात त्याचा हात चांगला बसला. इकडे त्याची आई कौशल्याबाई, पडद्यावर त्याचं नाव येईस्तोवर कोणाला चॅनेल बदलू देत नसे.

तीन वर्षांपूर्वी धाडसी माणसांवरच्या एका कार्यक्रमासाठी तो स्वतःच्याच गावात आला. शेजारचा गोविंदा नाल्याच्या पुरातून दोन मजूर बायांना बाहेर काढून स्वतः वाहून गेला होता. त्याची बायको कोकिळा परक्यांसमोर बोलायला तयार नव्हती. "मी आहो ना, वहिनी," प्रज्वल म्हणाला, तेव्हा ती बसली.

सापडला तेव्हा गोविंदाच्या मुठीत कुणाच्या तरी लुगड्याची चिंधी होती, हे सांगताना तिचा बांध फुटला. प्रज्वलचेही डोळे भरले आणि फोकस सुटला. तिचा चेहरा धूसर आला.

"मिळालं?" दिग्दर्शकानं विचारलं.

चालेल म्हणता आलं असतं. पण चूक आपल्या नावावर नको, म्हणून तो म्हणाला, "मध्येच ऊन गेलं. परत घ्यावं लागेल."

कोकिळानं डोळे पुसले, पहिल्यापासून सांगितलं, पुन्हा रडली. मग पदर सावरत विचारलं, "प्रज्वलभाऊ, आता बराबर आलं काय?"

"हाव, वहिनी."

तो भाग गाजला. त्यावरून प्रज्वलला पहिला सिनेमा मिळाला. ही बातमी द्यायला त्यानं फोन केला, तर आई म्हणाली, "कोकिळा सांगून राह्यली होती, दुसऱ्या खेपेले तिले गोविंदा आठवलाच नाही. तुयं काम बिघडू नये म्हणून रडली थे."

सिनेमा सुरू होण्याआधी तो उंद्रीला आला. कोकिळा अंगणात तूर पाखडत होती. ऊन गेलंच नव्हतं, चूक आपली होती, हे त्यानं खाली मान घालून सांगितलं.

सूप थांबलं. "मंग तवाच काऊन नाही सांगतलं? मी का तुमाले रागावली असती?"

ती पुन्हा पाखडू लागली. तिनं चहाचं विचारलं नाही.

पुढे सिनेमा चिखलीत लागला आणि प्रज्वल गावी आला. कौशल्याबाई शेजारणींना घेऊन निघाली, तेव्हा प्रज्वल कोकिळाच्या दारापर्यंत गेला आणि तसाच परत फिरला. आईला म्हणाला, "तूच विचार तिले."

कोकिळा आली नाही.