आठव्या डब्यातला हातभर तुकडा

सत्तरच्या दशकाच्या मध्यावर, फेब्रुवारीतल्या एका मंगळवारी दुपारी, सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या एका चादर कारखान्यातून कुलूप लावलेली लाकडी पेटी चोरीला गेली. पेटीत पत्र्याचे आठ चपटे, गोल डबे होते. डब्यांत एका मराठी चित्रपटाची निगेटिव्ह होती. तिची पडद्यावर दाखवायची प्रिंट अजून एकही निघालेली नव्हती. पोलिसातल्या नोकरीत मी शेकडो चोऱ्यांचे तपास केले. बहुतेकांचे आता फक्त गुन्हा क्रमांक उरलेत. ही चोरी मात्र तिच्या वासासकट आठवते. त्या फितीला व्हिनेगरसारखा आंबूस वास होता.

मी तेव्हा त्या हद्दीच्या ठाण्यात फौजदार होतो. फिर्यादी सायंकाळी पाचच्या सुमारास आला. वय चाळिशीच्या आसपास, पांढरा शर्ट, पायात टायरच्या चपला. कारखान्यात त्याला सगळे मास्तर म्हणत. चादरीवरची नक्षी आधी चौकटीच्या कागदावर काढतात, मग ती पुठ्ठ्यांवर भोके पाडून उतरवतात. अशा हजारो पुठ्ठ्यांची माळ मागावरच्या जकार्ड नावाच्या यंत्रावर चढली, की कोणता धागा उचलायचा ते भोके ठरवतात. मास्तर ही भोके पाडायचा. एक भोक चुकले तर शंभर चादरींत मोराची मान तुटते, असे त्यानेच मला सांगितले.

"पेटीत काय होतं?" मी विचारले.

"पिक्चर."

"कुणाचा?"

"माझा, साहेब. मीच काढलाय."

आमचे हवालदार माढा तालुक्यातले. त्यांना हसू आवरेना. "साहेब, लोकं सायकली चोरतेत, शेरडं चोरतेत. ह्येचा पिक्चर चोरला म्हणं. कुणी बघितलाच न्हाई अजून, तर चोरंल कोण?"

मास्तर हसला नाही. त्याने जबाब दिला तो असा. लहानपणी तो मागासाठी सुताच्या कांड्या भरण्याच्या कामाला लागला. पुढे भोके पाडायला शिकला. चार वर्षांपूर्वी त्याने चित्रपट काढायचे ठरवले. पाठीशी कोणी निर्माता नव्हता, तोच निर्माता झाला. कोल्हापूरहून कॅमेरा आणि कॅमेरामन सुट्टीच्या दिवसापुरते यायचे. मोठ्या चित्रपटांच्या रिळांतली उरलेली कोरी टोके मिळतील तशी गोळा करायची आणि त्यांवर चित्रीकरण करायचे. नट सगळे कारखान्यातले. मुख्य भूमिकेत एक म्हातारा विणकर. फीत मुंबईत धुऊन आणायची आणि घरी स्वतः कापून जोडायची. आवाजाची फीत मुंबईतच होती. त्या दिवशी पाळी संपवून, पेटी घेऊन तो परस्पर स्टेशनवर जाणार होता. मुंबईत पहिली प्रिंट निघणार होती.

"नाहीच सापडलं तर पुन्हा काढता येणार नाही का?" मी विचारले.

"बाकीचं येईल, साहेब. अजून चार वर्षं लागतील. पण म्हातारबाबा संक्रांतीला गेले. त्यांना कुठनं आणू?"

मी गुन्हा नोंदवला. खरे सांगायचे तर पहिले दोन दिवस या प्रकरणाला माझ्या लेखी फारसे महत्त्व नव्हते. घटनास्थळाचा पंचनामा केला. पेटी नक्षीच्या खोलीत ठेवली होती. पाळी बदलताना, सायकलींच्या गर्दीत, ती बाहेर गेली असावी. पेटी मुळात पुठ्ठे ठेवायची होती, एवढे मी टिपून ठेवले. त्याचा अर्थ मला तेव्हा कळला नाही.

खबर शुक्रवारी मिळाली. ती कोणी खबऱ्याने आणली नाही, भज्यांतून आली. हवालदार गस्तीवर असताना एमआयडीसीच्या फाटकाजवळच्या गाड्यावर थांबले. गाडा चालवणाऱ्या मावशींनी भजी चपट्या, गोल, चकचकीत डब्यात उपसून ठेवली होती. डब्याच्या कडेला चिकटपट्टी होती आणि तिच्यावर शाईने लिहिले होते, पाच.

"मावशे, डबा झ्याक हाय की. कुटनं आणला?"

"तुमाला भजी पायजेत का डबा?"

"दोनी."

"त्यो पलीकडच्या कारखान्यातला जकार्डवाला न्हाई का, त्येनं दिला. आट हायत म्हणं त्याच्याकडं. म्या म्हनलं, अजून एक दे, झाकायला हुईल. तर म्हनतो, नगं, लोकं बघत्यात."

हवालदारांनी भजी कागदात बांधून घेतली आणि डबा मुद्देमाल म्हणून ताब्यात घेतला. मावशींनी बदली ताट मागितले. ते हवालदारांनी आपल्या घरून आणून दिले.

जकार्डवाला म्हणजे यंत्र बसवणारा, दुरुस्त करणारा फिटर. दीड वर्षापूर्वीपर्यंत तो मास्तरच्याच कारखान्यात होता, आता पलीकडच्या कारखान्यात. शनिवारी सकाळी पंच आणि मास्तरला घेऊन आम्ही त्याच्या घरी गेलो. सुताच्या कचऱ्याने भरलेल्या पोत्यात आठही गुंडाळ्या मिळाल्या, शेजारी सात रिकामे डबे; पेटी मात्र नव्हती. एका शिपायाने पहिली गुंडाळी उचलली तसा मास्तर दारातून ओरडला, "हात नका लावू! कडेला धरा, कडेला!" शिपाई दचकला. मी मास्तरलाच पुढे केले. त्याने खिशातून पांढऱ्या सुती कापडाचे घरी शिवलेले हातमोजे काढले आणि एकेक गुंडाळी, तान्हे मूल उचलावे तशी, चादरीवर ठेवली.

ठाण्यात फिटरने एकच पालुपद धरले. "भंगारातनं घेतली, साहेब."

"कुठल्या भंगारवाल्याकडून?"

"फिरस्ता हुता. आला, गेला."

"आणि डबे?"

"त्याच्यातच आले."

त्याचे म्हणणे खोटे होते, पण ते खोडायचे कसे, हा प्रश्न होता. डब्यांवर आकड्यांखेरीज काही नव्हते. फितीवर नाव नव्हते. नावाची पाटी मुंबईत जोडायची होती. मालाची ओळख पटली नाही तर खटला उभा राहत नाही. आणि निगेटिव्हमध्ये काळ्याचे पांढरे, पांढऱ्याचे काळे. माझा स्वतःचा भाऊ त्यात असता तरी मी शपथेवर ओळखला नसता.

मी मास्तरला अडचण सांगितली. त्याने हातमोजे काढून खिशात ठेवले. मग म्हणाला, "साहेब, माझ्या घरात कपाटावर चौकटीच्या कागदाची गुंडाळी आहे. ती तुम्ही आणा, मी हात लावत नाही. आणि कांड्या भरायचा रहाट आणा. मी डोळे मिटून सांगतो."

हवालदारांनी दोन्ही वस्तू पंचांसमक्ष आणल्या. कागद उलगडला तो ठाण्याच्या व्हरांड्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गेला. चादरीची नक्षी काढतात तसा त्याने आख्खा चित्रपट चौकटींत मांडला होता. एक चौकट म्हणजे एक हात फीत. आमच्याकडे कापड हातावर मोजायची जुनी सवय. दीड फूट म्हणजे एक हात. चित्रपट दाखवताना यंत्रातून एका सेकंदात बरोबर दीड फूट फीत सरकते. हे त्याने पहिल्याच रिळाच्या वेळी ताडले होते. एक हात, एक सेकंद, एक चौकट. प्रत्येक दृश्याचा रंग वेगळा. रंग बदलला, की तिथे फितीत जोड.

रहाटाचे चाकही त्याने मापाचे केले होते. एका फेऱ्याला एक हात.

पंच दोघे होते, पोस्टातून निवृत्त झालेले एक कारकून आणि एक किराणा दुकानदार. कारकुनांच्या हाती कागद दिला आणि त्यांना मास्तरच्या पाठीमागे बसवले. फिटर भिंतीशी उभा होता. रहाट हवालदारांनी फिरवायचा ठरले. मास्तरने हातमोजे घातले, फितीच्या दोन्ही कडा अंगठा आणि बोटांच्या मधून जाऊ दिल्या आणि डोळे मिटले.

"फिरवा. सावकाश."

रहाट फिरू लागला. बोटांना जोड लागला, की तोवर झालेले फेरे मास्तर सांगायचा आणि कारकून कागदावरच्या चौकटी.

"जोड. सात," मास्तर म्हणाला.

"सात," मागून कारकून म्हणाले.

"जोड. तीन."

"तीन."

"जोड. बारा. हा बाबा विहिरीवर जातात तो."

"बारा. इथं विहीर लिहिलंय."

पहिल्या गुंडाळीत एकही चूक झाली नाही. कायद्यापुरते तेवढे पुरेसे होते. मी थांबा म्हणायला हवे होते. मी म्हटले नाही. हवालदारांनी न सांगताच दुसरी गुंडाळी चढवली. ठाणे अंमलदार लिहिता लिहिता उठून दारात आला. तक्रार द्यायला आलेली दोन माणसे तक्रार विसरून उभी राहिली.  फक्त रहाटाची कुरकुर आणि दोन आवाज, एक पुढून, एक मागून. आकडा पुढून यायचा आणि मागून तसाच परत जायचा. धागा तुटल्याची जागा विणकराच्या बोटाला आधी कळते, डोळ्याला नंतर, हे मी सोलापुरात ऐकून होतो. त्या दिवशी पाहिले. त्या फितीतले एकही चित्र मला दिसत नव्हते. तरीही बाबा विहिरीवर गेले, परत आले, मागावर बसले, हे सगळे आम्ही पाहत होतो. आठ गुंडाळ्यांना दीड तास लागला. चित्रपटही तेवढाच होता.

आठव्या गुंडाळीचे शेवटचे दृश्य आले. मास्तर म्हणाला, "आता जोड नाही. सलग एकोणीस."

हवालदार मोजू लागले. पंधरा. सोळा. सतरा. अठरा. फीत संपली. टोक सुटून लोंबकळले.

मास्तरने डोळे उघडले. त्याने टोक उजेडात धरले. "हा माझा काप नाही. मी तिरपं कापत नाही. इथनं हातभर गेलंय."

"कागदावर एकोणीस आहे," कारकून म्हणाले.

तेव्हा भिंतीशी उभा असलेला फिटर खाली बसला. त्याला कोणी हात लावला नव्हता, कोणी आवाजही चढवला नव्हता.

"नमुना, साहेब," तो म्हणाला. "हातभरच कापला. मालकाला दाखवाया."

कापडाच्या धंद्यात माल दाखवायचा तर हातभर नमुना कापून न्यायचा, ही रीत. तो मोजून हातभरच कापतात. पुढचे सगळे त्याने स्वतःहून सांगितले. मास्तरच्या कारखान्यात नवी चादर निघणार होती. तिची नक्षी आधी आपल्या हाती यावी म्हणून त्याच्या मालकाने त्याला पेटी आणायला सांगितले. नवी नक्षी कुलपाच्या पेटीत असते, हे त्याला जुन्या नोकरीमुळे माहीत होते.

"पेटी उघडल्यावर कळलं नाही हा सिनेमा आहे?"

"दोनी कडंनं सारखी भोकं, साहेब. मी आयकून हुतो, विलायती जकार्डला पुठ्ठा लागत न्हाई, लांब पट्टी लागती. वाटलं त्येच आणलं ह्यांनी."

"आणि मधली चित्रं?"

"चादरीवर मोर असतो, हत्ती असतो. म्हनलं, आता माणूस काडला आसंल."

हवालदार या खेपेला हसले नाहीत. मालकाने नमुना पाहताच त्याला वेड्यात काढले आणि सगळे जाळून टाकायला सांगितले. त्याने जाळले नाही. का, असे मी विचारले. तो म्हणाला, "कुणाच्या तरी हातचं काम हाय की, साहेब. आग लावाया हात हुईना."

त्याचा जबाब लिहून घेऊन आम्ही त्याच दुपारी मालकाच्या कचेरीत गेलो. मालक स्वच्छ कपड्यातले, मोजून बोलणारे. "माझा या प्रकाराशी काहीही संबंध नाही. आपण अवश्य झडती घ्या." झडतीत कपाटे निघाली, कागद निघाले. तुकडा कपाटात नव्हता. तो त्यांच्या टेबलाच्या काचेखाली, त्यांच्या अगदी समोर होता. मागावर बसलेला एक पाठमोरा म्हातारा, मान वळवून मागे बघणारा, अशी चोवीस चित्रे.

"जाळायला सांगितलंत, मग हा का ठेवलात?"

आतापर्यंत शुद्ध बोलणाऱ्या मालकांची बोली बदलली. "उस्ताद हायत ते माजे. पयला धागा जोडाया त्यांनीच शिकवलं. उलट्या चित्रात बी वळकू आले."

"मग परत करायचा होतात," मी म्हटले.

"परत केला असता तर तुमी हितं आला असता."

"आलोच."

 पंचनाम्यावर पंचांच्या सह्या झाल्या.

या तपासाने मला एक गोष्ट शिकवली आणि ती मी पुढे नव्या फौजदारांना सांगत आलो. चोरीच्या मालाची खूण फिर्यादीला नुसती डोळ्याने विचारू नका. त्याचे हात त्या वस्तूवर काय काम करत होते, ते विचारा.

आठ गुंडाळ्या न्यायालयाच्या हुकमाने सुपूर्दनाम्यावर, हमी लिहून दिल्यावर, मास्तरला परत मिळाल्या. तुकडा आणि चौकटीचा कागद पुरावा म्हणून न्यायालयात राहिला. मास्तर मुंबईला गेला. प्रिंट निघाली. चित्रपट सोलापुरात सकाळच्या खेळाला लागला. मी रांगेत उभा राहून तिकीट काढले. म्हातारबाबा मागावर बसले होते. ते मान वळवू लागले आणि पडदा पांढरा झाला. त्यांचा चेहरा दिसला नाही.

मास्तरने नंतर आणखी दोन चित्रपट काढले, दोन्ही सुट्टीच्या दिवशी. नोकरी सोडली नाही.

खटल्याचा निकाल तीन वर्षांनी लागला. न्यायालयाने फिटर आणि मालक, दोघांनाही दोषी ठरवले. मुद्देमाल फिर्यादीला परत करण्याचा हुकूम झाला. तोवर माझी बदली टेंभुर्णीला झाली होती. तुकड्याचे पाकीट न्यायालयातून मिळाल्याचे मास्तरने पोस्टकार्डाने कळवले आणि रविवारी घरी या, असे लिहिले. मी गेलो. त्याने हातमोजे घातले, आठव्या गुंडाळीचे तिरपे टोक सरळ केले, तुकडा जोडला आणि जोड वाळू दिला. मग शेवटचे दृश्य रहाटावर चढवले.

रहाट मी फिरवला. एकोणीस फेरे झाले.