एक माणूस सोडून

"'मला स्थानिक पोलिसांच्या तपासावर विश्वास राहिलेला नाही,'" वकीलबाईंनी अर्जातली ओळ वाचली आणि पेन पुढे केलं.

टेलरबाईने पेन घेतलं, पण टोपण काढलं नाही. "एक माणूस सोडून, असं घालता येईल का?"

"सोडून म्हणजे?"

"माझा धाकटा भाऊ आहे त्याच ठाण्यात. हवालदार."

"अहो, हे काय कापड आहे, बाही ठेवा नि कॉलर काढा म्हणायला? तपास दुसऱ्या यंत्रणेकडे द्यायचा, तर अख्ख्या ठाण्याकडून काढून घ्यावा लागतो."

"मग उद्या येते."

गल्लीत तिला सगळे टेलरबाईच म्हणत. नवराही चिडवायला तेच म्हणायचा. ताई म्हणणारा एकच, हा भाऊ. आणि वन्सं म्हणणारी एकच, त्याची बायको.

नवरा गोदामावर वॉचमन होता. जिन्यावरून पाय घसरून मेला, असं ठाण्याने लिहिलं आणि हात झटकले. पण त्याची पाठ तिने पाहिली होती. जिन्याने कधी कुणाच्या पाठीवर पट्ट्याचे वळ उठवलेत? गोदामाच्या मालकाचं नाव काढलं की ठाण्यातला जो तो आपल्या चहाच्या कपात बघायचा. शेवटी तिने हायकोर्टाची वाट धरली.

संध्याकाळी भाऊ आला, युनिफॉर्मची पँट घालूनच. "ताई, कमरेत घे जरा."

"ढब्या, केवढा वाळलास रे. नाव बदलावं लागणार तुझं. बायको जेवायला घालत नाही की काय?"

"घालते. घशाखाली उतरत नाही."

ती टाचण्या ओठांत धरून खाली वाकली. तिला बोलता येणार नाही, ही वेळ साधूनच तो बोलला.

"'पाय घसरला' हे मी लिहिलंय, ताई. साहेब सांगत गेले, मी लिहीत गेलो."

तिने ओठांतल्या टाचण्या एकेक करून काढल्या. "वळ पाहिले होतेस?"

"पाहिले."

"आणि वर माझ्या हातचा चहा पीत होतास."

"दुसरे तपासाला आले की पहिला मलाच धरतील. नोकरी जाईल. पोरं लहान आहेत गं."

"सही करू नको म्हणायला आलायस?"

"आलो होतो. आता तोंड होत नाहीये."

पँट काढून ठेवून, पिशवीतली साधी पँट चढवून तो गेला.

दुसऱ्या दिवशी तिने सही केली. एक माणूस सोडायचं काही बोलली नाही.

सुनावणीत समोरच्या वकिलाने नेमकं त्यावरच बोट ठेवलं. "सख्खा भाऊ त्याच ठाण्यात आहे, साहेब. आणि म्हणे विश्वास नाही."

न्यायाधीशांनी मान वर केली. "काय हो बाई? भावावरही नाही?"

"होता, साहेब," टेलरबाई म्हणाली. "म्हणून तर इथे यायला इतका उशीर झाला."

तपास दुसऱ्या यंत्रणेकडे गेला.

त्या दिवशी घरी येऊन तिने अर्धवट राहिलेली पँट मशीनवर घेतली. कमरेतलं जास्तीचं कापड कापलं नाही, आत दुमडून शिवलं. पुन्हा अंग धरलं तर उसवता येतं. इस्त्री करून पँट खुंटीला लावली आणि वाट बघत बसली.

तो आला नाही. त्याची बायको आली. दाराबाहेरच उभी राहिली.

"टेलरबाई," ती म्हणाली, "पँट झाली का?"