मूकपटाच्या पाट्या वाचणारी मृणालिनी

पुण्यात मृणालिनी नऊ वर्षं जपानी शिकवायची. २००४ मध्ये गिरीशशी लग्न करून सांता क्लाराला आली ती त्याच्या व्हिसावर. तिला नोकरीची परवानगी नव्हती. दुपारी ती लायब्ररीत जाऊन बसायची.

तिथेच कळलं, की जवळच्या कॉलेजात एक जुना जपानी मूकपट दाखवणार आहेत. दृश्यांमध्ये येणाऱ्या संवादांच्या पाट्या जपानीत, आणि त्या इंग्रजीत वाचून दाखवणारं कोणी नाही. तिने फुकट करीन म्हणून सांगितलं. सहा आठवडे ती त्या मूकपटाची व्हिडिओ कॅसेट लावून वही घेऊन बसली. गोष्ट साधी होती. नवरा बायकोशी कधी धड बोलत नाही, आणि एका सकाळी ती कायमची घर सोडते. दारातून मात्र रोजच्यासारखंच ‘जाऊन येते’ म्हणते. मराठीत हे आपसूक बसलं, इंग्रजीत काही केल्या बसेना. शेवटी माईकवर तिने ते जपानीतच म्हटलं. पुढच्या रांगेतल्या म्हाताऱ्या जपानी बायकांनी रुमाल काढले. गिरीश येणार होता, पण त्याची मीटिंग लांबली.

मूकपट दाखवणारे कॉलेजातले प्रोफेसर म्हणाले, असे आणखी बारा मूकपट आहेत, तुमच्या व्हिसाचंही कॉलेज बघेल, ईमेल करतो. तिने वाट पाहिली. वर्षभराने ते लायब्ररीत भेटले, तेव्हा जरा अवघडून म्हणाले, की तुमचा नकार आला म्हणून काम दुसऱ्यांना दिलं.

ईमेल अकाउंट नवरा-बायकोचं एकच होतं, आणि आलेले मेल आधी गिरीशच बघायचा. संध्याकाळी तिने विचारलं.

“हो, मीच रिप्लाय केला,” गिरीश म्हणाला. “ग्रीन कार्डची प्रोसेस चालू असताना कशाला भानगड? आणि कोण बघतं यार असली पिक्चर्स.”

“मला विचारायचंस.”

“तू हो म्हणाली असतीस.”

ती भांडली नाही. भाजी चिरायला घेतली.

२००८ मध्ये ग्रीन कार्ड आलं. तोवर बाराही मूकपट होऊन गेले होते. त्याच वर्षी टोकियोच्या एका कंपनीशी गिरीशचा मोठा करार अडला. त्याने तिथल्या दोघा साहेबांना घरी जेवायला बोलावलं. बायको उत्तम जपानी बोलते, हे आधीच सांगून ठेवलं. मृणालिनीने अळूवड्या केल्या, मसालेभात केला. पाहुण्यांपैकी वयस्कर गृहस्थांनी तिला जपानीत विचारलं, आमची भाषा कुठे शिकलात?

“सॉरी, मला जपानी येत नाही,” ती इंग्रजीत म्हणाली.

गिरीशचा घास हातातच राहिला. पाहुणे किंचित वाकले आणि आपसात हळू आवाजात जपानीत बोलू लागले: जेवण छान आहे, पण जो एवढ्याशा गोष्टीत खोटं बोलतो, त्याच्याशी करार कसा करायचा.

तिने त्यांना आणखी एकेक अळूवडी वाढली.