अंगठा दिसेपर्यंत

स्टुडिओत त्यांना सगळे कात्रीबाई म्हणत. सव्वीस वर्षं सिनेमे संकलित केलेल्या या बाईंचा एक नियम होता. उंचावरून उडी मारणारा गादीवर पडला, की अंगठा वर करून ‘ठीक आहे’ सांगतो. तो अंगठा बघितल्याशिवाय त्या शॉटला कात्री लावत नसत.

मारधाडीच्या एका सिनेमाचा दुसरा भाग तीनदा पुढे ढकलला गेला होता. मधेमधेही दिग्दर्शकाला नवं काही सुचे, की बाई पहिल्यापासून जुळवायला बसत. ही अकरावी खेप. दोन वर्षांत नायिकेने केस बारीक कापले होते, आणि पुलावरची जुनी उडी होती लांब केसांतली.

‘‘उडी परत घेऊ,’’ दिग्दर्शक चहा ढवळत म्हणाला. ‘‘लेकीला सांगा, एका दिवसाचं काम आहे.’’

नायिकेच्या जागी उडी मारली होती ती बाईंच्याच मुलीने. त्यात तिचा खांदा निखळला होता. अजूनही वेणी घालताना ती ओठ चावायची.

बाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ‘‘केस त्या नायिकेनं कापायचे आणि हाडं माझ्या पोरीनं मोडायची?’’

‘‘ताई, ती हो म्हणाली.’’

‘‘ती चौथीत असताना गच्चीवरून उडी मारायलाही हो म्हणाली होती! पुलाखालून घेतलेला शॉट लावते. धुरात केस दिसत नाहीत.’’

‘‘छे! लोकांना समोरून पडताना बघायचंय.’’

‘‘मग तुम्हीही बघा. सगळं.’’ बाईंनी जुन्या उडीचा न कापलेला शॉट लावला.

मुलगी पडली. हलेना. तीन सेकंद, पाच, आठ.

‘‘पुढे घ्या ना.’’

‘‘बसा गप!’’

अकराव्या सेकंदाला अंगठा वर आला. डाव्या हाताचा. उजवा जागचा हलत नव्हता.

दिग्दर्शकाने कप खाली ठेवला. ‘‘पुलाखालचा लावा,’’ तो पुटपुटला.

बाईंनी आभार मानले नाहीत. तिथूनच मुलीला फोन लावला.

‘‘उडी रद्द झाली.’’

‘‘कोणी केली? तू?’’ पलीकडून मुलगी कडाडली. ‘‘माझं काम कापणारी तू कोण गं?’’

‘‘तुझी आई. हवं तेवढं चिड. घरी आले की माझ्यासमोर भांडी आपट. पण दोन्ही हातांनी आपटून दाखव.’’

अंगठ्याची वाट बघावी तशा बाई फोन कानाला धरून तिच्या उत्तराची वाट बघत राहिल्या.