करपलेली भाकरी कोणाची?

कडक भाकरीच्या धंद्यात संध्याकाळी दोन गोष्टी हमखास उरतात, चुरा आणि किस्से. चुरा आम्ही तेल, चटणी, कांदा घालून संपवतो. किस्से मात्र डब्यात साठत राहतात. परवा जुने मित्र घरी आले होते. "काय म्हणतंय सोलापूर?" एवढंच विचारलं त्यांनी, आणि मी जो सुरू झालो तो बायकोनं दुसऱ्यांदा चहा ठेवला तरी थांबलो नाही. शेवटी तीच म्हणाली, "लिहून काढा एकदाचं, म्हणजे पाहुण्यांना जेवायला तरी वेळ मिळेल."

तर मी आधी अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात सुपरवायझर होतो. तो बंद पडला आणि मी विमलताईंच्या भाकरी केंद्रात आलो. हुद्दा मॅनेजरचा. काम म्हणजे फोन उचलणं, खोक्यांना टेप लावणं आणि फॉर्म भरणं. ताई मालकीण. त्यांनी घरात एका तव्यावर सुरुवात केली होती, आज सहा तवे आहेत आणि सहा तव्यांवर सहा बायका. त्यातल्या सगळ्यात जुन्या म्हणजे मंगळवेढ्याकडच्या हौसामावशी.

यंदा ज्वारी महागली, शेंगदाणा महागला, गॅस महागला. भाकरीचा दर वाढवला की गिऱ्हाईक मात्र आमच्याकडे असं बघतं, जणू पाऊस आम्हीच अडवून धरलाय. अशात पुण्याच्या एका मोठ्या मॉलकडून वर्षभराच्या ऑर्डरची विचारणा आली. अट एकच, सगळ्या भाकऱ्या एका मापाच्या हव्यात. म्हणजे मशीन घ्यायला हवं. आणि मशीन आलं की सहा बायकांचं काम दोघीत भागणार. ताई कुणाला काही बोलल्या नव्हत्या, पण सगळ्यांना सगळं माहीत होतं. खरं सांगतो, सगळ्यात जास्त भीती मला वाटत होती. एक कारखाना बंद होताना मी पाहिला होता.

* * *

ऑनलाइन विक्री सुरू केली तेव्हाची गोष्ट. पहिल्याच आठवड्यात एक रिव्ह्यू आला. पाचपैकी एक स्टार. खाली लिहिलं होतं, "भाकरी फार कडक आहे."

पाकिटावर हे एवढ्या मोठ्या अक्षरात "कडक भाकरी" छापलेलं!

ताईंचा संताप झाला. त्यांनी मला उत्तर टाइप करायला बसवलं. मी चार वेळा लिहिलं आणि चार वेळा खोडलं, कारण प्रत्येक वेळी भाषा भाकरीपेक्षा कडक होत होती. शेवटी हौसामावशी म्हणाल्या, "दुधात मोडून खा म्हनावं. आन् दात कुठवर आलं ते बी इचार." मी पहिलं वाक्य पाठवलं, दुसरं गाळलं. त्या गिऱ्हाइकानं पुढच्या महिन्यात दहा पाकिटं मागवली. स्टार मात्र अजून एकच आहे.

* * *

एकदा एक तरुण कॅमेरा घेऊन आला. ज्वारी कशी सुपरफूड आहे, यावर त्याला व्हिडिओ करायचा होता. मावशींना त्यानं नवं लुगडं नेसायला लावलं, तव्यापुढे बसवलं आणि मायक्रोफोन लावला.

"आजी, तुमच्या तब्येतीचं रहस्य काय?"

"काम," मावशी म्हणाल्या.

"म्हणजे ज्वारीची भाकरी. बरोबर? काल रात्री घरी काय जेवलात, सांगा बघू प्रेक्षकांना."

"चपाती."

त्यानं कॅमेरा बंद केला. मावशींनी मनापासून समजावलं, "रेशनवर गहू मिळतो, बाबा. ज्वारी इकत घ्यायची म्हंजी लई म्हाग. आन् नातवंडं भाकरी खात न्हाईत." त्यानं तो प्रश्न वगळून व्हिडिओ टाकला. त्याच्यावर आम्हाला खूप ऑर्डरी आल्या, त्यामुळे तक्रार करायला तोंड नाही.

* * *

शेंगदाण्यानं यंदा आम्हाला खरंच रडवलं. बाकी सगळ्यांनी आपापली पाकिटं बारीक केली होती, मग ताईंनीही मन घट्ट केलं. शेंगाचटणीचं पाकीट दोनशे ग्रॅमचं एकशे ऐंशी करायचं ठरलं. नवी पाकिटं छापून आली.

महिना झाला तरी चटणी पूर्वीइतकीच संपत होती. ताईंना वाटलं उंदीर. मला वाटलं मी. (मी येता-जाता चिमूट तोंडात टाकतो, हे उघड गुपित आहे.) शेवटी मी शबानाजवळ जाऊन बसलो. शबाना पॅकिंग करते, काट्यावर तिचं काम सोन्यासारखं. तिनं पाकीट ठेवलं, बरोबर एकशे ऐंशी भरलं, पाकीट उचललं, आणि मग तीन बोटांनी आणखी एक मूठवजा चिमूट वरून टाकून तोंड बंद केलं.

"शबाना, हे काय?"

"वरचं, भाऊ."

"पण आपण वजन कमी केलंय ना?"

"वजन कमी केलं की. म्हणून तर वरचं जरा जादा टाकते. नुसतं मापाचं दिलं तर गिऱ्हाईक काय म्हणेल?"

मी ते पाकीट पुन्हा काट्यावर ठेवलं. दोनशेला दोन ग्रॅम जास्त. ताईंना सांगितलं तेव्हा त्या आधी कपाळाला हात लावून बसल्या, मग हसायला लागल्या. त्यांच्या आईनंही बाजारात लिंबं विकताना हेच केलं होतं म्हणे. शबानाला कोणी काही बोललं नाही. पाकिटं अजून एकशे ऐंशीचीच छापतो.

* * *

आता आमच्या केंद्राचा एक नियम सांगायला हवा. भाकरी करपली किंवा तुटली, तर ती जिच्या हातची असेल तिनं दुपारी जेवताना खायची. दंड नाही, बोलणी नाहीत, फक्त खायची.

पण कुणाची ते कसं कळणार? मी नवा होतो तेव्हा मलाही हाच प्रश्न पडला होता. थापताना भाकरीवर बोटं उमटतात आणि वाळून कडक झाली तरी ती खूण जात नाही. सहा जणींतली लक्ष्मी डावखुरी, त्यामुळे तिच्या भाकरीवरची बोटं उलट फिरतात. मावशींचा अंगठा जोरात बसतो. लक्ष्मीच्या सासरी सगळे विणकर, घरात तेलुगू बोलतात. ती म्हणते, "आमच्याकडे सासरे काठ बघून सांगायचे, कुठल्या मागावरची चादर आहे ते. हे तर सोपं आहे."

मी एकदा गंमत म्हणून एक करपलेली भाकरी मधे ठेवली आणि विचारलं, "ही कोणाची?" सहाही जणी वाकल्या. पाच जणींनी मावशींकडे पाहिलं. मावशींनी ती उचलली, आपल्या ताटात ठेवली आणि वर मलाच म्हणाल्या, "तुमी हाक मारली तवा ध्यान गेलं. अर्धी तुमची." मी अर्धी खाल्ली. चांगलीच कडू होती.

* * *

मशीनचा डेमो एमआयडीसीतल्या एका शेडमध्ये होता. ताईंनी मला पाठवलं आणि सोबत मावशींना. "त्यांना भाकरी कळते, तुम्हाला इंग्रजी कळतं," असं म्हणाल्या. दोन्ही गोष्टी निम्म्याच खऱ्या होत्या.

मशीन मोठं देखणं. कंपनीचा इंजिनिअर टाय लावून उभा. आणखी पाच-सहा केंद्रांचे मालकही आले होते. त्यानं बटण दाबलं. पहिली भाकरी कडेनं फाटली. दुसरीचे पट्ट्यावर तीन तुकडे झाले आणि ते तिन्ही तुकडे शिस्तीत रांगेनं बाहेर आले. तिसरी तर आलीच नाही. इंजिनिअरच्या टायपर्यंत घाम आला. मी मनातल्या मनात खूश होतो. चला, मशीन फेल!

तेवढ्यात मावशी उठून पुढे गेल्या. पोत्यातलं पीठ चिमटीत घेऊन चोळलं. "पीठ जुनं हाय. इरी गेलीया," म्हणाल्या. इरी, म्हणजे विरी, म्हणजे ज्वारीच्या पिठाचा चिकटपणा. पीठ शिळं झालं की तो जातो आणि भाकरी फाटते. "आदान ठिवा," त्यांनी सांगितलं. उकळतं पाणी आलं. मावशींनी स्वतः पिठाची उकड काढून ती मळून दिली. पुढची भाकरी अखंड गोल आली, तिच्यामागून पन्नास आल्या. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. इंजिनिअर त्यांच्या पाया पडायचा बाकी राहिला.

येताना रिक्षात मी वैतागलो होतो. "मावशी, अहो ते मशीन तुमचंच काम घेणार आहे. तुम्ही कशाला मधे पडलात?"

मावशी बाहेर बघत होत्या. "त्येचं त्वांड बगितलं का तुमी? लेकरू रडाय आलं हुतं," म्हणाल्या. मग थोड्या वेळानं, "आन् पीठ वाया जात हुतं की."

मशीन महिनाभराच्या ट्रायलवर आमच्याकडे आलं, सोबत पीठ मळायचं वेगळं मशीनही.

* * *

आणि महिन्याच्या शेवटी पुण्याहून मॉलच्या परचेस मॅडम आल्या. आज काय ते ठरणार होतं. ताईंनी सकाळपासून काही खाल्लं नव्हतं. इंजिनिअर हजर होता. टेबलावर मशीनच्या भाकऱ्यांची चळत, एकसारखी, गुळगुळीत. मॅडमनी एक मोडून खाल्ली. "छान आहे," म्हणाल्या. ताईंनी मान हलवली, पण चेहरा उतरला. आत थापण्याचा आवाज बंद झाला होता आणि सहाही जणी दाराशी येऊन बसल्या होत्या.

मग मॅडमची नजर बायकांच्या जेवणाच्या ताटांवर गेली. त्यांनी त्यातली एक भाकरी उचलली आणि उजेडात धरली.

"हे बोटांचे ठसे किती मस्त दिसतात! आमच्या कस्टमरला सध्या असाच हाताचा लूक हवा असतो. मशीनच्या भाकरीवर हे येतील का?"

"येतील की मॅडम," इंजिनिअर म्हणाला. "साचा करून रोलरवर बसवतो. फक्त एक हात लागेल."

सगळ्यांनी मावशींकडे पाहिलं. मावशी उठल्या, हात धुतले, पदराला पुसले. इंजिनिअरनं पिठाचा गोळा पुढे केला. मावशींनी हात उचलला आणि तसाच धरून ठेवला.

"म्हंजी समद्या भाकरीवर माजीच बोटं?"

"हो आजी, सगळ्या."

"रोज किती निघत्यात?"

"दोन हजार."

"आन् करपल्या तर?"

"थोडं वेस्टेज आपण धरतोच."

मावशींनी हात मागे घेतला. "न्हाय बाबा. त्या समद्या म्या एकलीनं खायाच्या? न्हाय जमायचं."

इंजिनिअरला काही कळेना. तो लक्ष्मीकडे वळला. लक्ष्मीनं दोन्ही हात पदराखाली घेतले. "माझी करपत नाही. मशीननं करपवायची आणि नाव माझं लागायचं, असं नको." बाकी चौघी तर आधीच मागे सरकल्या होत्या. सहा बायका, बारा हात, आणि साच्याला एक मिळेना.

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मी नियम समजावून सांगितला. त्या हसल्या, अगदी डोळे पुसेपर्यंत हसल्या. मग ताटातल्या भाकऱ्या एकेक उचलायला लागल्या. "ही कोणाची?" "माझी," लक्ष्मी खोलीच्या दुसऱ्या टोकावरून. "आणि ही?" "माजी." दहा भाकऱ्या झाल्या, एकही चुकली नाही. शेवटी त्यांनी दोन भाकऱ्या एकमेकींवर ठेवल्या. बोटभर फरक होता.

"इतका फरक चालेल," त्या ताईंना म्हणाल्या. "मला याच द्या."

ताईंनी एक क्षण डोळे मिटले. मग इंजिनिअरला म्हणाल्या, "पीठ मळायचं मशीन ठेवून जा. यांचे खांदे दुखतात. थापायचं घेऊन जा." आतून पुन्हा थापण्याचा आवाज सुरू झाला. मी टेप शोधायच्या निमित्तानं खोक्यांमागे गेलो, कारण मला रडू येत होतं आणि मॅनेजरनं रडू नये.

मॉलचा फॉर्म भरायचा राहिला होता. त्यात एक रकाना होता, उत्पादनासाठी वापरलेली मशीन, प्रत्येकाचं नाव आणि वय. मी ताईंना विचारलं, काय लिहू? "जे आहे ते लिहा," त्या म्हणाल्या. मी सहा नावं लिहिली, समोर वयं लिहिली आणि पाठवून दिला.

आठ दिवसांनी पुण्याच्या ऑफिसातून फोन आला. मी स्पीकरवर टाकला.

"सर, ऑर्डर मंजूर आहे. फक्त एक माहिती अपुरी आहे. तुमच्या सहा मशीनमधली हौसाबाई बासष्ट वर्षं जुनी दिसते. तिचं शेवटचं सर्व्हिसिंग कधी झालं?"

मावशींनी तव्यावरची नजर हलवली नाही.

"एकदाबी न्हाय म्हनावं," त्या म्हणाल्या. "गुडगा कुरकुरतो, पन त्यो थापायला लागत न्हाय."